कमरखाचं झाड, ५८ किलो फळं आणि मामांची वही

भोगीच्या आदल्या दिवशी सकाळी मागचं दार उघडलं, तर धुण्याच्या दगडावर सात कमरखं पडलेली. पिवळीधमक. त्यातलं एक फुटलेलं आणि त्या फुटीला मुंग्यांची रांग लागलेली. वर बघितलं तर फांद्या फळांच्या भाराने पार भिंतीला टेकल्या होत्या. आत्या, म्हणजे माझ्या सासूबाई, दारातूनच म्हणाल्या, "आता लाग कामाला. हे झाड थांबत नसतंय."

खरंच थांबलं नाही. पुढचे अठरा दिवस आमच्या घरात दुसरा विषय नव्हता. ताणकाट्यावर मोजून ५८ किलो फळं उतरवली. वरच्या शेंड्याची पोपटांनी खाल्ली ती वेगळी, आणि सप्टेंबर-ऑक्टोबरात एक छोटा बहार येऊन गेला तो वेगळा. मी घरी शिवणकाम करते, शाळांचे गणवेश. मार्चपासून मान वर करायला वेळ नसतो, पण जानेवारीत मशीन जरा निवांत असते. म्हणून दर वर्षी हा बहार माझ्या वाट्याला येतो आणि मीही तो मनापासून घेते.

ज्यांना नाव लक्षात येत नसेल त्यांच्यासाठी सांगते. पाच धारांचं, आडवं कापलं की चांदणी दिसते ते फळ. शाळेबाहेरच्या गाडीवर बोरं, चिंचा, आवळ्यांच्या शेजारी तिखट-मीठ लावून मिळायचं. कोकणात याला करंबळ म्हणतात. आपल्याकडे मोठ्या दुकानात हल्ली स्टारफ्रूट म्हणून प्लास्टिकच्या डबीत दिसतं. आमच्या घरात ते कमरखच.

सोलापूर ही काही या झाडाची जागा नव्हे. त्याला दमट हवा आवडते, आणि इथे उन्हाळ्यात पारा ४३-४४ वर जातो, नळाला पाणी चार-पाच दिवसांआड, जमीन काळी आणि चुनखडीची. माझे सासरे, मामा, २००९ साली रत्नागिरीला एका लग्नाला गेले आणि येताना एसटीत मांडीवर धरून कलम घेऊन आले. आयुष्यभर गिरणीत साच्यावर उभं राहिलेला माणूस, शेती कधी केलेली नाही. पण त्यांनी खड्डा खणला कंबरभर, काळी माती बाहेर काढली, तळाशी विटांचे तुकडे टाकले, त्यावर तांबडी माती, मुरूम आणि शेणखत भरलं. जागा निवडली घराच्या पूर्वेला, मोरीजवळ. म्हणजे दुपारनंतरचं ऊन घराच्या भिंतीआड जातं आणि उन्हाळ्याच्या झळा थेट अंगावर येत नाहीत. पहिले तीन उन्हाळे त्याला गोणपाटाचा आडोसा होता.

तिसऱ्या वर्षी पानं पिवळी पडायला लागली. शिरा हिरव्या आणि मधलं पान पिवळं. आम्हाला वाटलं पाणी कमी पडतंय. मामा पान खिशात घालून खताच्या दुकानात गेले, तिथे कळलं की चुनखडीच्या जमिनीत झाडाला लोह घेता येत नाही. मग हिराकस, म्हणजे लोहाचं खत, शेणखतात मुरवून घालायला लागले. नवी पालवी हिरवी आली तेव्हा त्यांनी मला मशीनवरून उठवून दाखवायला नेलं होतं. त्याच वर्षी, २०१२ मध्ये, पहिली अकरा फळं धरली.

या झाडाची एक गंमत मी रोज बघते आणि अजून कंटाळा आलेला नाही. दिवेलागणीला त्याची पानं मिटतात. लाजाळूसारखी झटकन नाही, हळूहळू, दोन्ही बाजूंची पानं खाली लोंबतात आणि झाड एकदम बारीक झाल्यासारखं दिसतं. फुलंही निराळीच. टोकाला नाहीत, जुन्या फांदीवर, कधी थेट खोडावर गुच्छ येतात, बारीक, जांभळट गुलाबी. आणि आंबुशी नावाचं जे तण कुंडीत आपोआप उगवतं ना, तीन पानांचं, ते याच्याच कुळातलं. त्याचं एक पान चघळून बघा, तीच आंबट चव लागेल.

मामांची एक वही होती. लांब, लाल पुठ्ठ्याची, गिरणीत हजेरीला असायची तसली. त्यात दर बहाराला तारीख, किलो आणि 'वाटले' असा रकाना. वाटले म्हणजे कुणाला किती दिले. त्या वहीबद्दल पुढे सांगायचंच आहे.

२०१७ साली मामांची किडनी खराब झाल्याचं निदान झालं. डॉक्टर पथ्य लिहून देत होते. मीठ कमी, केळं नको, नारळपाणी नको. आत्या सहज म्हणाल्या, "घरी कमरखाचं झाड आहे, तेवढं चालेल ना?" डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. म्हणाले, "एक फोडसुद्धा नाही. हे झाड तुमच्या घरात आहे हे बरं झालं मला सांगितलंत."

आम्हाला तोवर काहीही माहीत नव्हतं. कमरखात ऑक्झॅलिक आम्ल भरपूर असतं, शिवाय त्यात मेंदूवर परिणाम करणारं एक द्रव्य असतं. ब्राझीलमधल्या संशोधकांनी २०१३ साली ते वेगळं काढून दाखवलं, कॅरमबॉक्सिन त्याचं नाव. निरोगी किडनी ते बाहेर टाकते. ज्याची किडनी दुबळी आहे त्याच्या अंगात ते साठतं. आधी न थांबणारी उचकी, मग उलट्या, भ्रम, फिट. माणूस दगावूही शकतो, आणि त्याला फार फळं लागतात असंही नाही. शिजवलं, वाळवलं, लोणचं घातलं म्हणून धोका गेला असं समजायचं नाही. धडधाकट माणसानेही उपाशीपोटी याचा रस ग्लासच्या ग्लास पिऊ नये, त्यानेही किडनीला इजा झाल्याची उदाहरणं आहेत. रोजची औषधं चालू असतील तर डॉक्टरांना विचारून घ्यावं.

मी हे कृतींच्या आधी लिहिलं, कारण शेवटी लिहिलं असतं तर निम्म्या लोकांनी वाचलं नसतं.

आता कामाचं.

कमरख झाडावरच पिकू द्यावं लागतं. हिरवं काढून तांदळात ठेवलं तर रंग पिवळा होतो, पण गोडी वाढत नाही. म्हणून मी दोन खेपांत काढते. लोणच्याला आणि आमटीला पिवळसर झाक आलेली हिरवी, मुरांब्याला आणि जॅमला पूर्ण पिवळी, धारांच्या कडा नुकत्या तपकिरी होऊ लागलेली. बांबूच्या टोकाला पाण्याची कापलेली बाटली तारेने बांधली आहे, तिच्या तोंडात फळ घेऊन पीळ दिला की अलगद येतं. खाली पडलेलं फळ धारेवर आपटतं आणि संध्याकाळपर्यंत मऊ पडतं, ते साठवणीला चालत नाही. फळमाशीसाठी पेरूच्या बागेत लावतात तसा कामगंध सापळा बहार धरला की फांदीला टांगते. तरी कापताना प्रत्येक फळ उजेडात धरून बघायचं.

चिरायच्या आधी प्रत्येक धारेची कड सुरीने सोलायची, दोऱ्याइतकी बारीक. ती कड तुरट असते आणि लोणच्यात काळी पडते. मग दोन्ही टोकं उडवायची आणि आडव्या चकत्या. मधे चपट्या बिया असतात, त्या सुरीच्या टोकाने काढायच्या. एक किलो फळं निवडायला मला वीस मिनिटं लागतात. आत्यांना पंधरा.

भांड्याचं ध्यानात ठेवा. पहिल्या वर्षी मी जर्मनच्या, म्हणजे अ‍ॅल्युमिनियमच्या, पातेल्यात कमरखाचं सार उकळलं. पातेलं आतून लखलखीत झालं आणि साराला अशी धातूची चव आली की सगळं ओतून द्यावं लागलं. तांबं, पितळ, जर्मन काहीही नको. स्टील, काच किंवा चिनी माती.

लोणचं आत्या घालतात, मी हाताखाली असते. एक किलो चकत्यांना १०० ग्रॅम मीठ आणि दोन चमचे हळद लावून चार तास ठेवायचं. पाऊण वाटी तरी पाणी सुटतं. पहिल्या वर्षी मी ते तसंच ठेवून मसाला कालवला होता आणि पंधरा दिवसांत बुरशी आली. आत्या तेव्हा बोलल्या नाहीत, पुढच्या वर्षी स्वतः बसल्या. "पाणीदार फळाला घाई चालत नाही. आधी त्याचं पाणी त्याला टाकू दे," म्हणाल्या. पाणी निथळून घ्यायचं, बाटलीत भरून फ्रिजमध्ये ठेवायचं, आठवडाभर आमटीत मीठ आणि चिंचेऐवजी ते घालता येतं. चकत्या स्वच्छ टॉवेलवर पसरून सावलीत अर्धा दिवस. टॉवेल सोलापूरचाच, नवा, पण दोनदा धुऊन खळ काढलेला. हात लावला की चिकटपणा जाणवेल पण ओल लागणार नाही, इतपत सुकल्या पाहिजेत.

मग ६० ग्रॅम मोहरीची डाळ, ७५ ग्रॅम लाल तिखट, चमचाभर मेथ्या तळून कुटलेल्या, हिंग. तेल घाण्याचं करडईचं, पाव लिटर, कडकडीत तापवून पूर्ण गार केलेलं. आमच्याकडे थोडा गूळही पडतो. बरणीला हिंगाची धुरी द्यायची, भरायचं, वर बोटभर तेल राहिलं पाहिजे. कैरीच्या लोणच्यासारखं हे वर्षभर टिकत नाही. बाहेर महिनाभर, फ्रिजमध्ये तीन-चार महिने. चौथ्या दिवशी खायला घ्यावं, तेव्हा चकती अजून कचकन तुटते. कडक भाकरीचा तुकडा मोडून त्यावर एक चकती ठेवली तर दुसरी भाजी लागत नाही.

मुरांबा मी करते. पूर्ण पिकलेल्या एक किलो चकत्या, पाऊण किलो साखर, थर देऊन रात्रभर झाकून ठेवायच्या. सकाळी चकत्या स्वतःच्याच पाकात पोहत असतात. मंद आचेवर, ढवळायचं नाही, पातेलं धरून हलवायचं, नाहीतर चांदणीचे कोपरे तुटतात. चकती काचेसारखी आरपार दिसायला लागली की झाली. चार लवंगा, वेलदोडा. पण खरी पायरी दुसऱ्या दिवशी असते. रात्रीत फळ उरलंसुरलं पाणी सोडतं आणि एकतारी केलेला पाक पुन्हा पातळ होतो. चकत्या झाऱ्याने बाजूला काढायच्या, नुसता पाक परत एकतारीपर्यंत आटवायचा आणि गार झाल्यावर ओतायचा. ही पायरी मी एका वर्षी टाळली, आठव्या दिवशी बरणीचं झाकण उघडताना फस्स आवाज आला. तीन किलोचा मुरांबा आंबला होता.

जॅम सोपा आहे. किसून, साखर पाऊणपट, आणि चार भाग पिकलेल्यात एक भाग अर्धकच्चं फळ घालायचं, त्याने घट्ट बसतो. बशी फ्रिजमध्ये ठेवून तिच्यावर थेंब टाकून बघायचा, बोट फिरवल्यावर वाट तशीच राहिली की गॅस बंद.

पण यंदा सगळ्यात जास्त मन लागलं ते वाळवणात. आपल्याकडे वाळवण म्हटलं की मार्च-एप्रिल, कुरडया, सांडगे, गच्ची तापलेली. जानेवारीचं सोलापूरचं ऊन त्याहून वेगळं. कोवळं असतं पण हवा इतकी कोरडी की ओठ फुटतात. कमरखाला हे ऊन फार मानवतं. एप्रिलच्या उन्हात चकत्या वरून कडक आणि आत ओल्या राहिल्या असत्या. जानेवारीत त्या सावकाश सुकतात आणि पिवळा रंग बराचसा टिकतो. अर्ध्या सेंटीमीटरच्या चकत्या, निम्म्यांना मीठ, निम्म्यांना पिठीसाखर. बाजेवर जुनी सुती साडी, वरून मलमलीचा कपडा, चार कोपऱ्यांना शिवणाच्या कात्रीपासून खलबत्त्यापर्यंत जे हाताला लागेल ते वजन. सूर्य कलायच्या आत उचलून घरात, कारण रात्रीच्या गारव्यात त्या पुन्हा ओल धरतात. चौथ्या दिवशी चकती वाकवली तर चामड्यासारखी वाकते, दाबली तरी ओल येत नाही. सहा किलो फळांच्या जेमतेम सहाशे ग्रॅम चकत्या झाल्या. या फळात दहा भागांतले नऊ भाग पाणीच असतं, त्यामुळे तेवढंच उरणार.

या खारवलेल्या चकत्यांनी मला या वर्षी एक गोष्ट दिली. संध्याकाळी मी शेंगाचटणी कुटायला बसले होते. आमच्याकडे चटणी अजून उखळात होते, मिक्सरमध्ये शेंगांचा भुगा होतो, तेल सुटत नाही. भाजलेल्या शेंगा, लसूण, तिखट, जिरं, मीठ. कुटता कुटता शेंगा काळपट लाल होतात, मग एका क्षणी मुसळाचा आवाज बदलतो. आधी कोरडा ठकठक येत असतो, तो जड आणि ओला होतो, म्हणजे तेल सुटायला लागलं. त्या वेळी शेजारी डब्यात चकत्या होत्या. दोन घेतल्या, कात्रीने बारीक केल्या आणि उखळात टाकल्या, मीठ तेवढं कमी केलं. दहा-बारा घाव घातले. चाखली. तिखटाच्या मागून हळूच आंबट येतं, जिभेच्या दोन्ही कडांना. शेंगाचटणीत आंबट घालणं हे आमच्या गल्लीत कुणाला पटणार नाही हे मला ठाऊक आहे, आणि मूळ चटणी आहे तशीच श्रेष्ठ आहे. पण ही वेगळी चटणी म्हणून उभी राहते. आत्यांनी भाकरीवर दुसऱ्यांदा घेतली. त्या बोलल्या काही नाहीत, पण दुसऱ्यांदा घेतली.

शेजारच्या अक्कांनी मला दुसरी वाट दाखवली. अक्कलकोट रोडच्या बाजूच्या आमच्या वस्तीत निम्मी घरं तेलुगू आहेत, विणकरांची आणि विड्या वळणाऱ्यांची. अक्का अंबाडीचा पप्पू करतात तसाच कमरखाचा करतात. तुरीची डाळ शिजताना हिरवी मिरची आणि कमरखाच्या फोडी त्यातच, वरून लसूण, मोहरी, सुक्या मिरचीची फोडणी. चिंच नाही. "वैनी, डाळ आधी शिजू दे अर्धी. आंबट पहिल्यापासून टाकलं तर डाळ रुसते," असं त्या सांगतात, आणि ते खरं आहे, आंबटात डाळ लवकर गळत नाही. त्यांच्या घरून आलेली वाटी मी परत पाठवताना रिकामी पाठवत नाही, त्यामुळे पंधरा दिवस आमच्या वाट्या भिंतीवरून जात-येत होत्या.

रस काढून बर्फाच्या साच्यात गोठवला आहे, एका पिशवीत साठ-सत्तर खडे. एप्रिलमध्ये दोन खडे, साखर, काळं मीठ, जिरेपूड, माठातलं पाणी. उन्हातून आलेल्या माणसाला एक पेला पुरे. फ्रीजर लहान आहे म्हणून, नाहीतर आणखी केला असता.

आणि जी अगदी मऊ पडली, डागाळली, ती देवाच्या भांड्यांना. अर्ध कमरख घेऊन तांब्याच्या गडूवर घासलं की काळपट पाणी ओघळतं आणि त्याच्या मागून गुलाबी तांबं वर येतं, डोळ्यांदेखत. समई, निरांजनं, घंटा, सगळं अर्ध्या तासात. लगेच पाण्याने खळखळून धुवायचं आणि कोरडं पुसायचं, नाहीतर हिरवे डाग पडतात. संक्रांतीच्या आदल्या रात्री मी आणि अक्का मोरीवर बसून दोन्ही घरांची भांडी घासली.

इतकं करूनही निम्मी फळं वाटायचीच असतात. त्यातून बहार नेमका गड्ड्याच्या जत्रेत येतो. सिद्धेश्वरांच्या सात नंदीध्वजांची मिरवणूक, अडुसष्ट लिंगांची प्रदक्षिणा, अक्षता सोहळा, यासाठी बाहेरगावचे पाहुणे घरी येतात, आणि कुणी रिकाम्या हाताने जात नाही. मामा असताना पिशव्या तेच भरायचे. स्वतः एक फोड खात नव्हते, पण झाडाखाली खुर्ची टाकून कुठलं फळ काढायचं ते काठीने दाखवायचे.

२०२१ साली मामा गेले. पुढच्या जानेवारीत मी पहिल्यांदा एकटीने वाटलं. भिशीतल्या एका मैत्रिणीला मुरांब्याची बरणी दिली. आठवड्याने ती सहज बोलता बोलता म्हणाली की तिच्या मिस्टरांचं डायलिसिस सुरू आहे. माझ्या पायाखालची जमीन सरकली. विचारलं, बरणी उघडली का? नाही म्हणाली, संकष्टीला उघडणार होतो. मी रिक्षा केली आणि तिच्या घरी जाऊन बरणी परत आणली. मला सगळं माहीत होतं, चार वर्षं घरात पथ्य सांभाळलं होतं, आणि तरी देताना तिला विचारायचं मला सुचलं नाही.

त्या रात्री मी मामांची वही काढली. 'वाटले' या रकान्यात प्रत्येक नावापुढे किलो, आणि किलोपुढे एक बारीक टिकमार्क. मी ते मिळाल्याची खूण समजत होते. पानं मागे उलटली. २०१७ च्या आधी टिकमार्क कुठेच नाही. निदान झालं त्यानंतरच्या बहारापासून प्रत्येक नावापुढे आहे. आणि एका ठिकाणी टिकमार्काऐवजी फुली होती, पुढे त्यांच्या वाकड्या अक्षरात लिहिलेलं, 'भाऊंना शुगर, किडनीचं बघून सांगतो म्हणाले. दिले नाही.' ते विचारत होते. प्रत्येकाला. आम्हा कुणाला न सांगता.

तेव्हापासून बरणीवर चिठ्ठी असते. 'कमरख. किडनीचा त्रास असणाऱ्यांनी अजिबात खाऊ नये.' मराठीत मी लिहिते, तेलुगूत अक्कांची नात लिहून देते, कन्नडमध्ये कोपऱ्यावरचे अण्णा. बरणीला गणवेशाच्या कापडाची चिंधी आणि तिच्या दोऱ्यात चिठ्ठी ओवलेली. पण चिठ्ठी पुरत नाही. चिठ्ठी फाटते, बरणी दुसऱ्याच्या घरी जाते, घरातल्या म्हाताऱ्या माणसाला वाचता येत नाही. म्हणून आधी तोंडाने विचारायचं. तुमच्या घरात कुणाला किडनीचा त्रास आहे का, डायलिसिस आहे का, डॉक्टरांनी क्रिएटिनिन, म्हणजे किडनीचं काम दाखवणारा रक्तातला आकडा, वाढलंय असं कधी सांगितलंय का. काही जणांना हा प्रश्न विचित्र वाटतो. एका बाईंनी तोंड वाकडं केलं की फळं द्यायची तर द्या, चौकशा कशाला. मी त्यांना मामांचं सांगितलं. मग त्यांनीच आपल्या थोरल्या जाऊबाईंचं नाव काढलं आणि पिशवी नको म्हणाल्या.

या वर्षीचं पान मी परवा पूर्ण केलं. ५८ किलो. लोणचं नऊ, मुरांबा सात, जॅम चार, वाळवण सहा, रस पाच, वाटलेली सत्तावीस. वाटलेल्यांत एकेचाळीस नावं. चाळिसांपुढे टिकमार्क आहे. एकेचाळिसावं नाव माझ्या पुण्याच्या नणंदेच्या शेजारणीचं, तिला लोणचं हवंय. तिच्या सासऱ्यांचा रक्ताचा रिपोर्ट सोमवारी यायचा आहे. तोवर तिची बरणी फळीवर, चिठ्ठी बांधून ठेवलेली आहे.